साठीचं लग्न आणि सोलापुरी चादर

२८ मार्च १९६०, सोमवार. गुढीपाडवा.

नवीन वर्षाची रेझोल्यूशन्स. एक: रोज पहाटे पाचला उठणे. दोन: चहा दोनच वेळा. तीन: रोजनिशी न चुकता. चार: या चैत्रात मला साठ पुरी होतात, तेव्हा षष्ट्यब्दी थाटात करणे आणि तरी खर्च न करणे.

षष्ट्यब्दी म्हणजे नवराबायकोचं पुन्हा लग्न. हार, मंगलाष्टकं, पंगत, सगळं पहिल्यापासून. लोक त्याला हॉल घेतात. मूर्ख आहेत. आमच्या फणसवाडीच्या मागल्या अंगणात विहिरीपाशी पन्नास माणूस आरामात बसतं. धुण्याच्या दोऱ्या सोडल्या की झाला मंडप.

आज साडेआठला उठलो. सणाला सूट.

रोजनिशी कपाटावर उघडीच ठेवतो. सौ. सरोजिनीला अक्षरओळख नाही, त्यामुळे कुलपाचं सेव्हिंग. मुलगी लतिका या घरात होती तेव्हा दुपारी मायलेकी पाटी घेऊन बसत. एकदा विचारलं, तर म्हणाल्या धोब्याचे कपडे मांडतो. दोन धोतरं आणि चार पातळं मांडायला रोज तासभर! बायकांचा हिशेब हा असा.

३० मार्च

सौ.ला बातमी दिली. आनंदाने रडेल म्हणून रुमाल काढून ठेवला होता. ती तांदूळ निवडत होती, निवडतच राहिली. मग म्हणाली, लतिका येणार असेल तर उभी राहीन पाटावर. लतिका आणि जावईबापू, दोघं. नाहीतर तुम्ही एकटेच करा लग्न.

जावईबापू म्हणे! तीन वर्षांपूर्वी आमच्या एकुलत्या एक पोरीने काळाचौकीच्या जगदीशशी रजिस्टर लग्न केलं. मुलगा बौद्ध. बाप गिरणीत, हा स्वतः रे रोडला गोदीत क्लार्क. पगार माझ्यापेक्षा जास्त आहे असं शेजारच्या अप्पांकडून कळलं, तेव्हा तर माझं मन फारच विटलं. त्या दिवसापासून तिचं नाव घरात बंद. मी स्वतः जातपात मानत नाही. पण लोक मानतात, आणि मी लोकांना मानतो.

सौ.ला म्हटलं, बोलावतो हो. हो म्हणायला काय जातं?

३ एप्रिल, रविवार

वाडीच्या बैठकीला गेलो. अप्पा वाडीतल्या समितीचे चिटणीस. एक मेला आपलं महाराष्ट्र राज्य होणार, म्हणून वाडीत कमान, पताका, विजेच्या माळा, सनई. सगळं वर्गणीतून. मी वर्गणी दिली नाही (तत्त्व). पण ऐकता ऐकता डोक्यात लख्ख प्रकाश पडला. माझी तिथी चैत्र वद्यातली. ती सरकवून एक मेला आणली तर? पताका फुकट, माळा फुकट, सनई फुकट. आख्खं राज्य माझ्या लग्नासाठी सजलेलं असेल!

चळवळीत मी चार वर्षं आहे. तुरुंगात गेलो नाही, कारण गुडघा. पण गॅलरीतून माझ्याइतक्या मोठ्याने घोषणा वाडीत कुणी दिल्या नसतील. आजही बैठकीत ठणकावलं, सगळा मराठी माणूस एका घरात आला पाहिजे, बेळगाव-कारवार आपण सोडणार नाही. टाळ्या पडल्या. (अप्पांनी वाजवल्या नाहीत. त्यांच्या हातात वर्गणीची पावतीपुस्तकं होती.)

घरी येऊन सौ.ला सगळं सांगितलं. तर म्हणते, बेळगाव-कारवार पाहिजे तुम्हांला, आणि काळाचौकीची पोर नको?

बाईला भूगोल कळत नाही. समजावत बसलो नाही.

६ एप्रिल

तात्या गुरुजींना भेटलो. म्हणाले तिथी पुढे ढकलता येत नाही. मी म्हटलं, दिल्लीवाल्यांनी महाराष्ट्र चार वर्षं ढकलला, तुम्हांला पंधरा दिवस ढकलवत नाहीत? थोडं नाराज झाले, मग पंचांग काढलं. मुहूर्त दिला सकाळी नऊ चाळीसचा. जिना उतरताना लक्षात आलं की सकाळी माळा पेटत नाहीत. परत वर गेलो, तर गुरुजी जेवायला बसले होते. असो. बल्ब दिवसासुद्धा शोभतात.

मंगलाष्टकं म्हणायला गुरुजी वेगळी दक्षिणा मागतात. स्वतःच रचणार आणि स्वतःच म्हणणार. विषय माझं जीवन. नवरदेवाने आपली मंगलाष्टकं आपण म्हणू नयेत, असं गुरुजींचं मत पडलं. साठ वर्षं वाट बघितली दुसरं कुणी माझ्याबद्दल काही म्हणेल म्हणून. आणखी किती बघायची?

९ एप्रिल

आयडिया! नवीन लग्न म्हणजे नवीन नाव.

पहिल्या लग्नात ती तेरा वर्षांची, मी सतरा. माहेरचं नाव चंपा. आमच्या घरात असलं नाव चालण्यासारखं नव्हतं. ताटात तांदूळ पसरून सोन्याच्या अंगठीने मी सरोजिनी लिहिलं. आठवडाभर त्या नावाच्या हाकेला ओ देत नव्हती. मग तिला जेवायला वाढायचंच नाही असं मी आईला सांगितलं. तिसऱ्या दिवशी ओ दिली. गोड आठवण.

आता एक मेला राज्य होतंय, तर तिचं नाव ठेवणार संयुक्ता. सौ. संयुक्ता गंगाधर सबनीस! तिला सांगितलं. म्हणाली, छप्पन्न वर्षांच्या बाईचं बारसं? मी म्हटलं, अगं राज्याचं होतंय, मग तुझं का नको? म्हणाली, राज्यासाठी माणसं भांडली तरी, मला कुणी विचारलं?

मग पुन्हा तेच. लतिकाला कार्ड गेलं का? म्हटलं, उद्या.

११ एप्रिल

आमंत्रणाचा मजकूर केला. गंगाधर वामन सबनीस यांनी वयाची साठ वर्षे पूर्ण केल्याच्या आनंदाप्रीत्यर्थ वगैरे. सौ.ला वाचून दाखवला. म्हणाली, वय घालू नका. मामंजींनी शाळेत घालताना तुमचं वय तीन वर्षं कमी लावलंय. ऑफिसच्या दप्तरी तुम्ही सत्तावन्न.

स्वतःला वाचता येत नाही आणि मला मजकूर शिकवते! षष्ट्यब्दीच्या आमंत्रणात वय नको तर काय चपलेचा नंबर घालू?

लंचमध्ये ऑफिसच्या सायक्लोस्टाइलवर साठ प्रती काढल्या. कागद कंपनीचा, शाई कंपनीची. कुणाला पत्ता लागला नाही.

१३ एप्रिल

स्टेन्सिल मशीनवरच राहिली होती. साहेबांच्या सर्क्युलरऐवजी माझंच आमंत्रण छापून आठही डिपार्टमेंटांत गेलं. देव देतो तेव्हा छप्पर फाडून देतो! साहेबांनी केबिनमध्ये बोलावून हात मिळवला. चाळीस वर्षांत पहिल्यांदा. विचारलं, खरंच साठ? मी म्हटलं, पुरी साठ साहेब, एक दिवस कमी नाही. त्यांनी ताबडतोब माझी फाइल मागवली. बहुतेक घड्याळ देणार.

१९ एप्रिल

कंपनीत रिटायर होण्याचं वय अठ्ठावन्न. म्हणजे मी दोन वर्षं जादा सेवा केली, असं साहेबांचं म्हणणं निघालं. पत्र दिलं. उद्यापासून येऊ नका. घड्याळाचा विषय निघाला नाही. निरोपाचं भाषण मी तिथल्या तिथे तयार केलं होतं, पण पाच वाजले आणि सगळे टिफिन उचलून गेले. शिपाई थांबला होता, त्याला कपाटाची किल्ली हवी होती.

एका दृष्टीने मीच कंपनी सोडली. आता लग्नाच्या तयारीला पूर्ण वेळ.

चूक कुणाची ते बघायचं तर वडिलांची. आणि सौ.ची, कारण आधीच बोलून तिने अपशकुन केला. घरी येऊन तिला तसं स्पष्ट सांगितलं. तिने पाणी दिलं. थोड्या वेळाने म्हणाली, लतिकाला कार्ड गेलं का?

२१ एप्रिल

कार्ड पाठवलेलं नाही. पाठवणारही नाही. पंगतीत त्या जगदीशला कुणाशेजारी बसवायचं? लोक काय म्हणतील? अप्पांना आडून आडून विचारलं, तर म्हणाले, आमच्याशेजारी बसवा की, त्यात काय! म्हणजे आता लोकांचाही भरवसा राहिला नाही. तरी नाही म्हणजे नाही.

पण सौ.ला उत्तर द्यायला हवं. दुपारी बसून मास्टर स्ट्रोक मारला. लतिकाचं पत्र मीच लिहिलं. ती. सौ. आईस शि. सा. नमस्कार. आमंत्रण पोचले. यायची इच्छा नाही. तुमचे आमचे नाते संपले आहे, पुन्हा बोलावू नये. लतिका.

संध्याकाळी पोस्टमन येऊन गेला असं सांगून तिला मोठ्याने वाचून दाखवलं. मधे एकदा आवाज दाटून आणला, तो तर अप्रतिम साधला. तिने कागद मागितला. दिला. दिव्याखाली धरून बराच वेळ बघत बसली. वेडी! अक्षरात पोरीचं तोंड दिसणार आहे का? मग माझ्याकडे बघितलं. त्रेचाळीस वर्षांत असं बघितलं नव्हतं. काम फत्ते. कागदाची घडी करून तिने आपल्या ट्रंकेत ठेवली.

मला जरा वाईट वाटलं. पण रात्री भरली वांगी होती.

२४ एप्रिल, रविवार

सौ. एकदम बदलली! परवापासून हळद कुटते काय, ट्रंक आवरते काय. नवीन पातळ नको म्हणाली, जुनंच नेसेन. पोरीचं नाव काढत नाही. मुळावर घाव घातला की असं होतं. काल देवळात जाते सांगून गेली ती तीन तासांनी आली. माझ्या दीर्घायुष्यासाठी प्रदक्षिणा घालत असणार.

मुहूर्त नऊ चाळीसचाच ना, असं दोनदा विचारलं. मग विचारलं, मंगलाष्टकं किती वेळ चालतील? म्हटलं, आठ कडवी, पंधरा मिनिटं. म्हणाली, वाढवा की. इतकं आयुष्य आठ कडव्यांत कसं मावेल?

रसिक बाई. उगाच हिला कमी लेखलं. सोळा केली.

२७ एप्रिल

अंतरपाटाला नवीन कापड कशाला? आपली सोलापुरी चादर दुहेरी करून धरायची. गुरुजी म्हणाले, पलीकडचं काही दिसणार नाही. म्हटलं, अहो अंतरपाट असतोच त्यासाठी.

मेनूत किरकोळ बदल. श्रीखंडाऐवजी शिरा. (संध्याकाळी: शिऱ्याऐवजी पोहे.) तांदूळ आणखी आणायचा नाही. अक्षता माणशी एक चिमूट, म्हणजे फेकताना लोक विचार करतील.

अप्पा सांगून गेले की वाडीची मिरवणूक साडेदहाला निघते, त्याआधी उरका. साठ आमंत्रणं गेली, अजून एकाचाही होकार नाही. म्हणजे सगळे येणार. न येणारा माणूस आधी कळवतो.

३० एप्रिल

सोळा कडव्यांची रंगीत तालीम. डोळे मिटून म्हटली की भाव जास्त येतो.

फोटोग्राफरशी बोलणं झालं. एकच फोटो. चादर खाली आली, मी हार पुढे केला, खटॅक.

वेळ वाचावा म्हणून तांदळाचं ताट आजच तयार केलं. डब्यातले सगळे तांदूळ पसरून अंगठीने संयुक्ता लिहिलं आणि फडकं झाकून देवापुढे ठेवलं. सौ. दारात उभी राहून बघत होती. जेवता का असं विचारायला आली असेल म्हणून मी पान घे म्हटलं. तिने घेतलं.

१ मे १९६०, रविवार. सकाळी ७.

उठलो! पाचला नाही, पण उठलो. सनई सुरू. कमानीवर मोठ्या अक्षरांत राज्याचं नाव, खाली माझं घालायला जागा होती, अप्पा नको म्हणाले. सौ.ने दाढीचं पाणी काढून ठेवलंय, धोतर काढून ठेवलंय. औषधाची बाटलीसुद्धा काढून ठेवलीय आणि कुठली गोळी केव्हा ते दोनदा सांगितलं. आजच्या दिवशी गोळ्या कशाला! प्रेम असं उतू जातं.

दुपारी ३.

नीट लिहून काढतो, म्हणजे डोकं शांत होईल.

माणसं तेवीस आली, पोरं धरून. सगळे मिरवणुकीच्या कपड्यांत, हातात झेंडे. ऑफिसचं कुणी नाही. सौ. जुनं हिरवं पातळ नेसून पलीकडच्या पाटावर उभी राहिली, हातात हार. गुरुजींनी आणि अप्पांनी चादर धरली. मी डोळे मिटले.

पहिल्या कडव्यालाच अक्षता संपल्या. तिसऱ्या कडव्यात कुणीतरी अगंबाई म्हणालं. ते माझं मुंजीचं कडवं, मला वाटलं दाद. पाचव्याला अप्पांच्या बायकोने हुंदका दिला. मला आणखी चेव आला. आठव्याच्या पुढे अगदी शांत झालं, सनईसुद्धा थांबली. असे श्रोते मिळायला भाग्य लागतं, हे मनात आलं ते आठवतं. सोळावं संपवून सावधान म्हटलं आणि डोळे उघडून हार पुढे केला. चादर खाली आली.

पाटावर नुसता हार होता.

फोटोग्राफरने खटॅक केलं.

अप्पांनी मला बाजूला नेलं. तिसऱ्या कडव्याला तिने हार पाटावर ठेवला, घरात गेली, आणि ट्रंक घेऊन विहिरीमागच्या दारातून निघाली. दाराशी लतिका आणि जगदीश उभे होते. जगदीशने ट्रंक घेतली. अप्पांच्या बायकोने धावत जाऊन तिला कुंकू लावलं, लतिकालाही लावलं. हे सगळ्यांनी बघितलं.

मी विचारलं, मग मला हाक का नाही मारली? अप्पा म्हणाले, वहिनी तोंडावर बोट ठेवून गेल्या, गंगाधरपंत. काय सांगणार? तुम्ही एवढे रंगला होता.

मग साडेदहा वाजले. पोहे उभ्या उभ्या संपले आणि सगळी वाडी मिरवणुकीला गेली. तात्या गुरुजीसुद्धा. मी गॅलरीत येऊन घोषणा द्यायला तोंड उघडलं. आवाज निघाला नाही. मंगलाष्टकांनी घसा बसलाय.

२ मे

उन्हाचा परिणाम असणार. शिवाय गर्दीची सवय नाही तिला. चहाच्या वेळेपर्यंत येईल.

चहाच्या वेळेपर्यंत आली नाही. मी रागावलेलो नाही. आल्यावर दोन दिवस बोलणार नाही, एवढंच.

रोजनिशी चाळली. २१ एप्रिलच्या पानावर हळदीचा अंगठा उमटलाय. पुढच्या पानांवरही आहे. माझी रोजनिशी कुणीतरी वाचतंय! सौ. नव्हे, तिला वाचता येत नाही. वाडीतलंच कुणीतरी घरात शिरून वाचत होतं आणि त्याने तिचे कान भरले. अप्पांवर दाट संशय. बाजारात जाऊन कुलूप आणलं, रोजनिशी पेटीत घालून लावलं. किल्ली जानव्याला बांधली.

४ मे

फोटो आला. मी हार धरून पुढे वाकलोय, समोर रिकामा पाट. पाठीमागे तेवीस माणसं. सगळ्यांच्या माना खाली.

दोन दिवस उडप्याकडे जेवलो. आज तेही नको वाटलं. गोळी कुठली केव्हा, ते आठवत नाही. स्वयंपाकघरात गेलो. कुठल्या डब्यात काय असतं ते या घरात मला माहीत नाही. तांदळाचा डबा सापडला, तो रिकामा. मग देवापुढचं ताट आठवलं. फडकं काढलं.

संयुक्ता पुसलेलं होतं. तांदूळ सारखे करून बोटाने लिहिलं होतं, चंपा.

आधी वाटलं गुरुजींचं काम. पण च चं पोट मोठं होतं, लतिका पाटीवर काढायची तसं. धोब्याची पाटी. मग एकेक उलगडत गेलं. पत्र तिने दिव्याखाली धरलं होतं. पोरीचं अक्षर तिला ठाऊक होतं. माझंही, इथलंच वाचून. भरली वांगीसुद्धा तिने वाचली असतील.

त्रेचाळीस वर्षांत तिचं अक्षर मी आज पहिल्यांदा बघितलं. चांगलं आहे. खूप वेळ बघत बसलो. फार एकटं वाटलं, ते इथे लिहायला आता हरकत नाही.

सरोजिनी अशी हाक मारून बघितली. मग चंपा अशी मारली. त्या नावाने मी तिला कधीच बोलावलं नव्हतं. कुणी ओ दिली नाही.

भूक लागली होती. ताट तसंच पातेल्यात उपडं केलं. पाणी किती घालायचं ते माहीत नव्हतं. खाली करपले, वर कच्चे राहिले. मीठ सापडलं नाही. तसेच खाल्ले.